ठमीचं करताना

तिसरामजला

मांजराला मूत्रपिंडाचा आजार आहे म्हटलं की लोक दोन प्रश्न विचारतात. बरी होईल का, आणि खर्च किती. पहिल्याचं उत्तर 'नाही' असं आहे. दुसऱ्याचं खरं उत्तर सासूबाईंना अजून ठाऊक नाही, त्यामुळे इथेही लिहीत नाही. त्यांची भाची या मंचाची जुनी वाचक आहे.

मला विचारायचंय ते तिसरंच. जे जनावर बरं होणार नाही हे पक्कं माहीत आहे, त्याचं रोज करत राहण्यात माणसाला काय मिळतं? मला काहीतरी मिळतंय, पण ते मांडता येत नाहीये.

ठमी चौदा वर्षांची. आमच्या ठाण्याच्या इमारतीत मीटररूममध्ये सापडलेली, बाकी वंशावळ अज्ञात. गेल्या पावसाळ्यात तिची पाण्याची वाटी दुपारीच रिकामी व्हायला लागली आणि तिच्या शीच्या ट्रेमधले मातीचे ओले गोळे मोठे दिसायला लागले. रक्त तपासलं तर क्रिएटिनीन, म्हणजे मूत्रपिंडांनी बाहेर टाकायचा टाकाऊ घटक, वाढलेलं. डॉक्टर म्हणाले, मांजरांत हे उशिराच कळतं. मूत्रपिंडांचं दोन तृतीयांश काम थांबेपर्यंत ती वरकरणी धडधाकट दिसतात. मग कमी फॉस्फरसचं पथ्याचं खाणं सुरू झालं आणि एक दिवसाआड कातडीखालून सलाईन. घरीच द्यायचं, कारण प्रत्येक वेळी पिंजऱ्यात कोंबून रिक्षाने दवाखान्यात नेलं तर आजाराआधी रिक्षानेच ती जाईल.

रिंगर लॅक्टेटची, म्हणजे त्या सलाईनची, बाटली कोमट पाण्याच्या पातेल्यात ठेवायची, मग पडद्याच्या दांडीला अडकवायची. दोन खांद्यांमधली कातडी चिमटीत उचलली की खाली पोकळी होते, तिथे सुई. नंतर नुसतं बसायचं. एक हात सुईवर, एक तिच्या मानेवर, त्यामुळे फोन घेता येत नाही. टीव्ही लावला तर ती उठते. शेजारच्यांचा मिक्सर लागला तरी उठते. म्हणजे बाटलीतले थेंब आणि तिचा श्वास, एवढंच बघायला उरतं.

माझी नोकरी कर्जवसुलीच्या विभागातली. तिथे माणसाचं जे काही मोल आहे ते महिनाअखेरीला एका तक्त्यात येतं, आणि एक तारखेला तो तक्ता पुन्हा कोरा. घोडबंदर रोडवर मेट्रोच्या खांबांखालून घरी पोचेपर्यंत डोक्यात तेच चाललेलं असतं. ठमीच्या बाबतीत महिनाअखेर नाही. आज अर्धी वाटी खाल्लं, ही आजची बातमी. उद्या खाल्लं नाही तर ती उद्याची. प्रगती दाखवायची नाही, कारण प्रगती होणारच नाहीये. हे वाईट वाटायला हवं ना? पण त्या वेळात माझे खांदे खाली येतात. दिवसभरात तेवढ्याच वेळी.

मांजराच्या प्रेमापोटी वगैरे म्हणावं तर तसंही नाही. सुई काढली की ती कपाटाखाली जाते आणि माझ्याकडे बघतसुद्धा नाही. कृतज्ञता फक्त व्हिडिओतल्या कुत्र्यांना असते. नवरा म्हणतो, ही तुझी संध्या झाली, आता पळी-पंचपात्र तेवढं आण. तो चेष्टेत म्हणतो, पण बाटली कोमट करून ठेवणं हे काम न सांगता त्याने घेतलंय.

तर इथे ज्यांनी म्हाताऱ्या, आजारी, नाहीतर नुसत्याच पाळलेल्या जनावरांचं शहरात राहून केलंय, त्यांनी लिहा. 'मुकी जनावरं माणसांपेक्षा बरी' हे वाक्य कृपया नको. ते माणसांवर रागावलेलं वाक्य आहे, जनावरांचा त्यात काही संबंध नाही.

काजूकतली

शेवटच्या ओळीसाठी टाळ्या. आमचा बोका याच आजाराने गेला. त्याचं सगळं संपल्यावर कितीतरी दिवस संध्याकाळी साडेसातला हात रिकामे वाटायचे. रडू वगैरे नाही, हातांनाच काहीतरी हवं असायचं.

गोठ्यातून_गल्लीत

मी पशुवैद्य. शिकलो परळला, १८८६ सालच्या कॉलेजात. त्याच आवारात प्राण्यांचं मोठं रुग्णालय आहे; कागदावर बाई साकरबाई दिनशा पेटिट यांचं नाव, पण टॅक्सीवाल्याला 'बैलघोडा हॉस्पिटल' म्हटलं की तो थेट दारात सोडतो. नावाप्रमाणे ते बैल आणि घोड्यांसाठी होतं, म्हणजे मुंबईचा माल आणि माणसं ओढणाऱ्यांसाठी. आता तिथल्या रांगेत बहुतेक कुत्री-मांजरंच दिसतात.

धाग्याच्या निमित्ताने थोडं कामाचं. सलाईनने मूत्रपिंड सुधारत नाही. आजारी मांजराला लघवी दाट करता येत नाही, पाणी बाहेर जात राहतं, अंग कोरडं पडतं, त्याने मळमळतं आणि खाणं सुटतं. आपण फक्त गेलेलं पाणी परत देतो. खांद्यावर आलेला फुगवटा हळूहळू पुढच्या पायाकडे उतरतो, त्याला घाबरू नका, काही तासांत शोषला जातो. हृदयाचा त्रास असेल तर मात्र सलाईन जपून. प्रमाण तुमच्या डॉक्टरांनीच ठरवायचं, आंतरजालावरच्या माझ्यासारख्याने नाही.

आणि दोन गोष्टी सगळ्यांसाठीच. मांजराला ताप वाटला म्हणून घरातली पॅरासिटामॉल देऊ नका. ती पचवणारी यंत्रणा मांजराच्या यकृतात जवळजवळ नाहीच, अर्ध्या गोळीनेही जीव जाऊ शकतो. आणि लिलीचा गुच्छ भेट आला तर मांजर असलेल्या घरात ठेवू नका. अंगावर पडलेले परागकण चाटले तरी मूत्रपिंडं निकामी होतात.

तुमच्या मूळ प्रश्नाचं उत्तर मला देता येणार नाही. पण एक बघितलंय. सलाईन द्यायला शिकताना पहिल्या दिवशी थरथरणारी माणसं महिन्याभरात मला सांगायला लागतात, 'डॉक्टर, आज तिचं नाक फिकट वाटतंय.' आणि बरेचदा ते बरोबर निघतं.

मुळशीकर

माफ करा, पण स्पष्ट बोलतो. आईवडील गावाकडे एकटे, महिन्यातून एक फोन, आणि इथे मांजराला सलाईन. हे शहरी चोचले आहेत. आमच्याकडे मांजर उंदीर मारायला असतं आणि मरायच्या वेळी आपोआप कुठेतरी निघून जातं.

घाटावरची

@मुळशीकर, तुम्हाला कोणाच्या आईवडिलांची माहिती आहे? माझ्या आईला स्मृतिभ्रंश आहे, ती माझ्यापाशीच आहे, आणि घरात तेरा वर्षांचा लॅब्रॅडॉरही आहे, ज्याचे मागचे पाय गेलेत. दोघांचंही मीच करते. आणि हो, दोन्हीत फरक आहे, तोही सांगते. आईचं करताना मनात सतत हिशोब असतो. तिने माझं काय केलं, भाऊ का येत नाही, ती मला ओळखत का नाही. कुत्र्याचं करताना हिशोबच नसतो. त्याला उचलून पंचा पोटाखालून घालून बाहेर नेते तेव्हा पाठ दुखते, बास. मग आत येऊन आईला आंघोळ घालताना माझा हात जरा हलका पडतो. कुत्र्यामुळे आई सुटत नाही माझ्या हातून. असलंच तर उलट आहे.

गावाकडे मांजर 'निघून जातं' म्हणजे कुठेतरी आडोशाला तहानेने मरतं. कोणी बघत नाही एवढंच.

मुळशीकर

ताई, तुमच्याबद्दल नव्हतं. पण मान्य, सरसकट बोललो.

रात्रपाळी

हिंजवडी. अमेरिकेच्या वेळेत काम, त्यामुळे माणसांशी भेट रविवारी. घरी जनावर नाही, घरमालकाचा नियम. पण सोसायटीच्या मागच्या फाटकापाशी काळू असतो. डावा कान टोकाला कापलेला, म्हणजे नसबंदी झालेली. पहाटे कॅब सोडते तेव्हा तो उठून उभा राहतो, शेपूट एकदाच हलवतो आणि परत झोपतो. मी त्याला खायला घालतो, दरवर्षी रेबीजची लस आम्ही चारजण वर्गणी काढून देतो, पावसाळ्यात गोचीड बघतो, कारण आमच्याकडे गोचीडतापाने दोन कुत्री गेली.

यात अर्थ वगैरे आहे का माहीत नाही. पण मी सुट्टीवर गेलो तर कोणालातरी सांगून जावं लागतं, असं या शहरात माझं दुसरं काहीच नाही.

चाळकरी२

सगळे हळवे झालेत म्हणून जरा दुसरी बाजू. डोंबिवली. माझ्या मुलाला जिन्यात कुत्रा चावला. दुसऱ्या मजल्यावरची एक बाई रोज संध्याकाळी जिन्यात बिस्किटं टाकतात. चावल्यावर बाई म्हणाल्या, 'तो आमचा नाही हो, मी फक्त घालते.' पुढच्या इंजेक्शनांच्या फेऱ्या, मुलाची झोपेतली किंचाळी, यातलं काही त्यांच्या वाट्याला नाही. घरात ठमीचं करा, तुमचा प्रश्न, मला आदरच आहे. पण बिस्किटं टाकून पुण्य खिशात आणि कुत्रा सार्वजनिक, हे कसं चालेल?

रात्रपाळी

@चाळकरी२, तुमच्याशी भांडायला आलो होतो पण भांडण होणार नाही असं दिसतंय. तुम्ही म्हणताय ते नियमातच आहे. २०२३ च्या प्राणी जन्म नियंत्रण नियमांत भटक्या कुत्र्यांना घालायची जागा सोसायटीने ठरवून द्यावी असं म्हटलंय, आणि ती जागा जिना, येण्याजाण्याचं दार किंवा मुलं खेळतात तिथून लांब हवी. वेळसुद्धा मुलं आणि म्हातारी माणसं फिरत नसतील अशी. सर्वोच्च न्यायालयाने २२ ऑगस्ट २०२५ च्या आदेशात रस्त्यावर कुठेही खायला घालायला मनाई केली, ठरलेल्या जागीच घाला म्हणून. आमच्याकडे या एका मुद्द्यावर तीन बैठका झाल्या, एकीत खुर्ची उचलली गेली. शेवटी मागचं फाटक ठरलं. तेव्हापासून काळूला शिव्या घालणारे काकाच मला सांगतात, आज तो लंगडतोय.

त्या बाईंना सांगा की नसबंदी आणि लस नसेल तर नुसतं घालणं म्हणजे पुढच्या वर्षी आणखी सहा पिल्लं.

गोठ्यातून_गल्लीत

चाळकरी, मुलगा आता ठीक आहे ना? बाकीच्यांसाठी लिहून ठेवतो. चावा, ओरखडा, काहीही असो, आधी वाहत्या पाण्याखाली साबणाने पंधरा मिनिटं धुवा. हळद, चुना, मिरची नाही. मग लगेच दवाखाना. बेंबीभोवतीची चौदा इंजेक्शनं हा जुना जमाना झाला. आता दंडात घेतात, चार-पाच मात्रा, पण शेवटचीसुद्धा चुकवायची नाही. जखम खोल असेल तर इम्युनोग्लोब्युलिनही (तयार प्रतिपिंडांचं इंजेक्शन) लागतं, ते तिथल्या तिथे विचारून घ्या. रेबीजची लक्षणं दिसायला लागल्यावर मात्र कोणाच्याच हातात काही उरत नाही.

चाळकरी२

ठीक आहे, शाळेत जातोय. धन्यवाद विचारल्याबद्दल. गंमत म्हणजे तोच आता म्हणतो मांजर पाळू.

इतिहासाचा_किडा

विषयाला सोडून थोडं. मुंबईत कुत्र्यांवरून भांडण हे काही आजचं नाही. १८३२ च्या जूनमध्ये कंपनी सरकारने भटकी कुत्री मारायचा सपाटा लावला तेव्हा फोर्टातल्या पारशांनी दुकानं बंद ठेवून दंगल केली. कारण पारशी धर्मात कुत्र्याला मान, माणूस गेल्यावर मृतदेहावर कुत्र्याची नजर पडावी लागते. बाजार बंद, गोऱ्या सैनिकांची रसद अडली, लष्कर बोलवावं लागलं. आणि दोनच वर्षांनी, १८३४ मध्ये, जमशेटजी जिजीभॉय आणि जैन व्यापाऱ्यांनी मिळून पांजरापोळ काढली. भुलेश्वरला आजही आहे. म्हणजे ज्या शहराला आपण माणसांनाही जागा नाही म्हणून नावं ठेवतो, त्याच्या ऐन गाभ्यात म्हाताऱ्या गाई जवळजवळ दोनशे वर्षं राहतायत.

कबुतरखान्यांवर मी बोलणार नाही. दादरचा २०२५ च्या ऑगस्टमध्ये ताडपत्रीने झाकला तेव्हा आमच्या घरात दोन तट पडले होते, अजून सांधलेले नाहीत. (मी झाकण्याच्या बाजूचा. कबुतरांच्या विष्ठेची धूळ जाते ती फुप्फुसं माझी आहेत.)

विठूचा_गडी

कोणीतरी नामदेवांचं काढणारच होतं, मीच काढतो. कुत्रा पोळी पळवतो आणि नामदेव तुपाची वाटी घेऊन मागे धावतात, कोरडी खाऊ नकोस म्हणून. लहानपणी कीर्तनात ही गोष्ट ऐकली की मला कुत्र्याचीच काळजी वाटायची. बिचाऱ्याला वाटलं असेल मारायलाच येतोय. ठमी कपाटाखाली का जाते ते यावरून समजून घ्या.

तिसरामजला

@विठूचा_गडी, हसून हसून पुरेवाट. ठमीच्या दृष्टीने मी एक सुई घेऊन मागे लागलेली बाई आहे, हे आता कायम लक्षात राहील.

@घाटावरची, तुमचा प्रतिसाद दोनदा वाचला. हिशोब नसणं, हेच मला पकडता येत नव्हतं. माझ्या कामात तर हिशोबाशिवाय दुसरं काही नाहीच.

@रात्रपाळी, 'कोणालातरी सांगून जावं लागतं' हे अगदीच. आम्ही गणपतीत राजापूरला जातो तेव्हा चावी पहिल्या मजल्यावरच्या शहा आजींकडे असते. त्या कांदा-लसूणही खात नाहीत, आणि ठमीचं माशाचा वास येणारं खाणं नाकाला पदर लावून वाढतात. राहायला आल्यापासून आमचं बोलणं पार्किंगपुरतं होतं. आता त्या वर येतात, ठमीला 'डोशी' (गुजरातीत म्हातारी) म्हणतात आणि माझ्या डब्यात थेपले टाकून जातात.

आबांचा_मुलगा

आई गेल्यावर वडील घराबाहेर पडेनात. बहिणीने जबरदस्तीने कुत्री आणून दिली, आम्ही सगळे तिच्यावर चिडलो होतो की सत्तरीच्या माणसाला हे ओझं कशाला. आता आबा सकाळी सहाला आणि रात्री नऊला बाहेर. कोथरूडच्या आमच्या टेकडीवर त्यांची टोळी आहे, आणि त्यात एकाला दुसऱ्याचं नाव माहीत नाही. 'टायसनचे आजोबा', 'जिनीची आई', 'तो दोन पगवाला'. टायसन गेला तेव्हा प्रश्न पडला की आता त्यांना हाक काय मारायची. आबा म्हणाले, टायसनचे आजोबाच. अजून तसंच चालू आहे. ते कुत्र्याशिवाय येतात.

ऱ्हाइनकाठी

जर्मनीतून. इथे कुत्रा पाळला की नगरपालिकेचा वार्षिक कर, दुसऱ्या कुत्र्याला बहुतेक ठिकाणी जास्त. बेवारस प्राण्यांच्या निवाऱ्यातून मांजर दत्तक घेताना आमची अशी चौकशी झाली की मुलगी बघायच्या कार्यक्रमात माझ्या बहिणीची झाली नव्हती. बाल्कनीला जाळी आहे का, दिवसभर घरी कोण असतं, सुट्टीत सांभाळणार कोण. तेव्हा वैताग आला होता. आता वाटतं, शेवटच्या प्रश्नाचं उत्तर शोधता शोधताच आमची वरच्या मजल्यावरच्या तुर्की कुटुंबाशी ओळख झाली, नाहीतर इथे शेजाऱ्याचं नाव फक्त टपालपेटीवर दिसतं.

काजूकतली

अवांतर प्रश्न. सासरे एकटे असतात, त्यांना बोलायला पोपट घेऊन द्यावा म्हणतेय. क्रॉफर्ड मार्केटला मिळतो ना?

गोठ्यातून_गल्लीत

मिळतो म्हणून घेऊ नका. आपला हिरवा पोपट १९७२ च्या वन्यजीव संरक्षण कायद्याखाली येतो. पकडणं, विकणं, पाळणं, सगळंच गुन्हा. तारा कासवाचंही तेच, ते तर लोक वास्तूसाठी पाळतात. शिवाय पोपट थव्यातला जीव, पिंजऱ्यात तो बोलतो कारण दुसरं कोणी नसतं. सासऱ्यांना झेपेल आणि त्यांना स्वतःला हवं असेल तर एखादं मोठ्या वयाचं मांजर बघा. पिल्लू नको, पिल्लं पायात येतात आणि त्या वयात पडणं परवडत नाही. मोठ्या मांजराचा स्वभाव आधीच कळलेला असतो, आणि त्यांना घर मिळणंही अवघड असतं.

काजूकतली

विचारते त्यांना. ते म्हणतील नको, आणि मग स्वतःच नाव ठेवतील.

घाटावरची

तिसरामजला, एक कामाचा प्रश्न. आमच्याही डॉक्टरांनी आता कुत्र्याला घरी सलाईन सांगितलंय. सुई कुठल्या गेजची, म्हणजे जाडीच्या कुठल्या आकड्याची, घेता? केमिस्टने २२ दिली, फारच हळू चाललंय, तोवर तो वैतागतो.

तिसरामजला

मी २० वापरते. नवी सुई दरवेळी, तीच पुन्हा नाही, बोथट झाली की जास्त दुखते. आणि बाटली जितकी उंच तितकी लवकर संपते, पडद्याची दांडी बघा.

गोठ्यातून_गल्लीत

बरोबर. आकडा जितका लहान तितकी सुई जाड. लॅब्रॅडॉरला १८ सुद्धा चालेल, त्याची कातडी जाड असते, डॉक्टरांना विचारून घ्या. वापरलेल्या सुया ओल्या-सुक्या कचऱ्यात अजिबात टाकू नका, सफाई कामगारांच्या हातात घुसतात. जाड प्लास्टिकच्या बाटलीत साठवा, झाकण चिकटपट्टीने बंद करा आणि पुढच्या वेळी दवाखान्यात जाल तेव्हा देऊन टाका. बहुतेक दवाखाने घेतात, त्यांचा जैववैद्यकीय कचरा वेगळा उचलला जातो.

घाटावरची

आईच्या इन्सुलिनच्या सुयांची बाटली आहेच, त्यातच टाकते. उद्या २० आणते.